आत जाण्यासाठी चढलेली भिंत

शाळेची भिंत मी आयुष्यात एकदाच चढलो, आणि तीही आत जाण्यासाठी. बाहेर पळायला भिंत चढणारी पोरं आमच्या वर्गात पाच-सहा होती. त्यांना कधी कुणी धरलं नाही. मी धरला गेलो. त्याचा कागद झाला, कागद पोलिसांकडे गेला, आणि दहावीची लेखी परीक्षा तीन आठवड्यांवर आली असताना मी परीक्षेला बसणार की पोलिसांच्या वहीत, हे कुणालाच सांगता येईना.

आज मी पदवीधर आहे. आमच्या तांड्यातला पहिला. हे सांगताना मी मान खाली घालत नाही आणि आवाजही चढवत नाही. आहे ते आहे. पण त्या भिंतीवरून मी बाहेरच्या बाजूला पडलो असतो तर आज कुठं असतो, हेही मला पक्कं माहीत आहे. कारण माझ्या बाकावर बसणारा मित्र तिकडं गेला, आणि त्याला जाताना मी पाहिलं.

आमचा तांडा यवतमाळ जिल्ह्यातला, मुख्य रस्त्यापासून दोन किलोमीटर आत. आमचे पणजोबा बैलांवर माल लादून मुलूखभर फिरायचे म्हणतात. आम्ही फाट्यापर्यंत पायी फिरायचो आणि पुढं एसटीनं तालुक्याच्या शाळेत. शाळा साडेदहाला. एसटी सव्वादहाला पोचायची, कागदावर. खरी पोचायची दहा पस्तीसला, कारण प्रत्येक फाट्यावर भरत भरत यायची. साडेदहाला प्रार्थनेची घंटा झाली की फाटक बंद. हा मोठ्या सरांचा नियम. मोठे सर म्हणजे मुख्याध्यापक. त्यांच्या आधी ती शाळा बाजारासारखी होती, त्यांनी तिला वळण लावलं, असं गावातले लोक अजून म्हणतात. खोटं नाही ते. निकाल वाढला होता.

उशिरा आलेल्यांचं नाव एका लाल वहीत लिहायचे. पहिल्या वेळी खडीवर गुडघे टेकून उभं राहायचं. दुसऱ्या वेळी वेताची छडी. तिसऱ्यापासून फाटकच उघडायचं नाही. दिवसभर बाहेर. आमच्यासारखे एसटीवाले आठवड्यातून दोन-तीनदा बाहेर असायचे. शाळेसमोर चहाची टपरी होती, सायकलचं दुकान होतं, पुढं बसस्टँड. घरी परत जायला गाडी थेट दुपारी. मग आम्ही तिथंच. कवायतीचे सर आम्हाला "फाटकवाले" म्हणायचे. ते नाव आधी शाळेत चाललं, मग टपरीवाल्यानं उचललं, आणि एक दिवस पोलीस चौकीतल्या जमादाराच्या तोंडून ऐकलं.

झालं असं की सायकलच्या दुकानातून एक नवा पंप गेला. दुकानदारानं तक्रार केली. जमादारानं विचारलं, "इथी रोज कोन उभं राह्यते?" टपरीवाला म्हणाला, "फाटकवाले पोट्टे राह्यते जी." आम्हा दोघांना चौकीवर नेलं. मी आणि माझा बाकावरचा मित्र. मला दोन प्रश्न विचारून सोडलं. मित्र उलटं बोलला. "आमी शाळेतच असतो, जर आत घेतलं असतं तं," एवढंच म्हणाला, पण त्याला थप्पड बसली. पंप नंतर दुकानाच्याच माळ्यावर सापडला. मित्राला माफी मागायला कुणी आलं नाही. शाळेत मात्र दुसऱ्या दिवशी प्रार्थनेत सांगण्यात आलं की आपल्या शाळेची दोन मुलं पोलीस चौकीवर गेली होती, ही शरमेची बाब आहे. मित्र त्या दिवसानंतर शाळेत आला नाही. बसस्टँडवर मात्र रोज यायचा. वर्षभरात त्याच्यावर मारामारीची पहिली खरी केस झाली. थप्पड आधी बसली, गुन्हा मागाहून घडला. मी हा क्रम विसरत नाही.

आता भिंतीचा दिवस. विज्ञानाचं प्रात्यक्षिक अकरा वाजता होतं. त्याचे गुण बोर्डाला जाणार होते. मी मुद्दाम आधीची गाडी धरायला पहाटे निघालो, आणि नेमकी तीच गाडी त्या दिवशी आली नाही. नेहमीच्या गाडीनं पोचलो तेव्हा दहा चाळीस झाले होते. फाटक बंद. शिपाईकाका आतल्या बाजूला स्टुलावर.

"काका, आज प्रात्यक्षिक आहे ना जी."

"मले माहीत आहे बाप्पा. पन किल्ली ऑफिसात हाये."

"मंग सरांना सांगा ना."

"मी दोनदा सांगून आलो सकाळपासून. आता तिसऱ्यांदा गेलो तं मीच तुह्या बाजूले उभा राहीन."

मी तिथं उभा राहिलो. हाक मारली. एका मास्तरांना हात केला, त्यांनी घड्याळाकडं बोट दाखवलं. अकराला पाच कमी असताना मी दप्तर भिंतीवरून आत टाकलं आणि मागून स्वतः चढलो. वर काचा रोवलेल्या होत्या. त्या चुकवताना हात लागला तो फाटकाच्या खांबावरच्या कॅमेऱ्याच्या वायरला. वायर ताणली गेली, कॅमेरा तोंड वर करून लोंबकळला, मग वायर तुटली, आणि मी कवायतीच्या सरांच्या पायाशी पडलो.

प्रात्यक्षिक बाजूच्याच खोलीत चालू होतं. मला ऑफिसात उभं केलं होतं, तिथून रसायनांचा वास येत होता.

दुपारी बा आला. आमच्यात वडिलांना बा म्हणतात, आईला याडी. निरोप असा गेला होता की पोरानं शाळेचं नुकसान केलं, ताबडतोब या. बा शेतातून निघाला तो आधी घरी गेला आणि रुमालात गुळाचा खडा बांधून घेऊन आला.

तो गूळ का, हे सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही. आमच्या तांड्यात भांडण झालं, कुणाचं काही मोडलं, कुणी कुणाला टोचून बोललं, तर नायकापुढं, म्हणजे तांड्याच्या प्रमुखापुढं, बैठक बसते. तिथं ज्याच्याकडं बोट आहे त्यानं वाद घालायचा नसतो. हात जोडून म्हणायचं, हो, माझं चुकलं. आणि नुसतं तेवढंच नाही. समोरचा जेवढं सांगेल त्याच्यापेक्षा थोडं जास्तच कबूल करायचं. म्हणजे समोरच्याचा राग खाली येतो. मग चूक करणाऱ्याच्या घरचा गूळ सगळ्यांनी खायचा. गूळ तोंडात गेला की विषय मिटला. त्यानंतर त्या गोष्टीत त्या माणसाचं नाव कुणी काढायचं नाही. काढलं तर काढणाऱ्याला गूळ वाटावा लागतो. शेकडो भांडणं आमच्या लोकांनी अशीच मिटवली, चौकीची पायरी न चढता.

बा तीच रीत घेऊन मोठ्या सरांच्या ऑफिसात शिरला. टेबलावर रुमाल सोडला आणि हात जोडले.

"चुकलं जी सायेब. पोट्ट्यानं केलं."

सर म्हणाले, "काय केलं माहीत आहे का?"

"जे केलं असन ते केलं. तुमी म्हणान ते."

"कॅमेरा फोडला."

"हाव जी."

सरांनी माझ्याकडं पाहिलं, मग बाच्याकडं. "याआधी नळाच्या तोट्या गेल्या शाळेच्या."

"त्याबी यानंच नेल्या असन."

"बा," मी म्हणालो.

"तू चूप राह्य," बा आमच्या बोलीत म्हणाला. "मिटवून राह्यलो मी."

खिडकीची काच. हाव जी. व्हॉलीबॉल हरवला होता. हाव जी. सर एकेक बोलत गेले, बा एकेक कबूल करत गेला, आणि बाजूला बसलेले बाबू, म्हणजे शाळेचे कारकून, लिहीत गेले. वर्षभरात त्या शाळेतून जे जे गेलं ते त्या एका पानावर आलं. बाला सही येते. तेवढीच येते. त्यानं ती सावकाश, अभिमानानं केली. मग गुळाचा खडा पुढं सरकवला.

"हे काय आहे?" सर म्हणाले.

"घ्या जी. तोंडात टाका. संपलं."

सरांना वाटलं, त्यांना कसलं तरी आमिष दाखवतोय. ते भडकले. "उचला हे. इथं असलं चालत नाही." बानं गूळ परत बांधला. त्याचा चेहरा तेव्हा पडला. काच, कॅमेरा, तोट्या, यानं नाही पडला. गूळ परत आला म्हणून पडला.

संध्याकाळपर्यंत तो कागद पोलीस स्टेशनला गेला.

जमादार तोच, पंपावाला. पण या वेळी त्याच्या वर एक साहेब होते, साध्या कपड्यांत आले होते, मुलांची प्रकरणं त्यांच्याकडं असायची. त्यांनी मला कोठडीजवळ उभं केलं नाही, खुर्ची दिली. कागद वाचून म्हणाले, "एवढं सगळं एकट्यानं केलं तू?" मी नाही म्हणालो. ते म्हणाले, "मग बापानं सही काहून केली?" बा बाहेरून म्हणाला, "मिटवाले केली जी." साहेबांनी डोकं खाजवलं. म्हणाले, गुन्हा म्हणून नोंदवत नाही, पण अहवाल यवतमाळला बाल न्याय मंडळाकडं जाईल, तिथं हजर राहा.

दुसऱ्या दिवशी शाळेनं सांगितलं, मंडळाचा निर्णय येईपर्यंत हॉल तिकीट मिळणार नाही.

घरी कुणी मला रागावलं नाही, तेच जास्त लागलं. याडी भाकरी वाढून बाजूला बसायची. बा एकच गोष्ट पुन्हा पुन्हा म्हणायचा, "मी कबूल केलं ना. मंग वाढलं कसं?" शेवटी तो नायकाकडं गेला. नायक म्हणजे तेव्हा सत्तरीचा माणूस, शाळा तिसरीपर्यंत, पण समज मोठी. सगळं ऐकून त्यानं विचारलं, "कागदावर कबूल केलं?"

"हाव."

"आन गूळ नाही खाल्ला त्याईनं?"

"नाही."

नायकानं तंबाखू मळून तोंडात टाकला. मग म्हणाला, "आपल्या कबुलीले गूळ असते, म्हनून ती संपते. त्याईच्या कबुलीले पाय असते. ती चालत जाते." मग माझ्याकडं वळून म्हणाला, "तू अभ्यास कर बे. मी येतो यवतमाळले."

त्या दिवसांत मी बसस्टँडवर मित्राला भेटलो. त्यानं मला पानटपरीच्या मागं बसवलं, सरळ म्हणाला, "चल, सोड आता. ते तुले आत घेतच नाही." मी त्याच्याजवळ बसलो आणि मला खरंच बरं वाटलं. तिथं कुणी लाल वही काढत नव्हतं. हे मी लपवत नाही, कारण हीच खरी भीतीची जागा होती. दोन दिवस मी पुस्तक उघडलं नाही. तिसऱ्या दिवशी बानं काही न बोलता माझी विज्ञानाची वही शेतात नेली आणि कपाशीच्या ओळीत बसून उलटी-सुलटी चाळत राहिला. वाचता येत नव्हतं. मी जाऊन त्याच्या हातातून घेतली.

मंडळ कोर्टासारखं असेल असं आम्हाला वाटलं होतं. खोली साधी निघाली. एक लांब टेबल, त्यामागं तिघं जण, मधोमध एक मॅडम. मोठे सर आधीच आले होते, पेन ड्राइव्ह घेऊन. बा पागोटं बांधून आला होता. नायक त्याच्या मागं.

मॅडमनी कागद वाचला आणि बाला विचारलं, "तुमच्या मुलाने नळाच्या तोट्या नेल्या?"

"तुमी म्हणान तं नेल्या जी."

"मी काही म्हणत नाही. तुम्हाला विचारते. तुमच्या घरी नळ आहे?"

"नाही जी. हापशी हाये तांड्यात."

"मग तोट्यांचं काय केलं त्याने?"

बानं पागोटं सारखं केलं. "ते मले नाही माहीत. पन माफी देऊन टाका."

टेबलामागचे एक गृहस्थ हसू दाबत खिडकीकडं बघू लागले. मॅडम हसल्या नाहीत. त्यांनी बाला खुर्ची दिली आणि विचारलं, न बघता कबूल का केलं. बाला सांगता येईना, तेव्हा नायक पुढं झाला. त्यानं बैठकीची रीत सांगितली, जास्त कबूल करण्याचं कारण सांगितलं, गूळ सांगितला. त्याच्या मराठीत आमच्या बोलीचे शब्द घुसत होते, पण मॅडमनी मध्ये एकदाही तोडलं नाही.

"म्हणजे ही सही अपराधाची नाही," त्या म्हणाल्या.

"नाही जी. भांडन नको, याची हाये."

मग सरांनी पेन ड्राइव्ह दिला. कॅमेरा फोडल्याचा पुरावा म्हणून. लिपिकानं लॅपटॉपवर लावलं. सर म्हणाले, "शेवटचं मिनिट बघा, तेवढंच आहे." मॅडम म्हणाल्या, "नाही, सुरुवातीपासून लावा."

त्यात मी होतो. वरून, बाजूनं दिसणारा, फाटकाला धरून. आवाज नव्हता. मी शिपाईकाकांशी बोलतोय, ते हात हलवतात. मी उभा आहे. मी घड्याळ नसलेल्या मनगटाकडं बघतोय. आतून एक मास्तर जातात. मी उभा आहे. पाव तास चित्र तसंच चालू राहिलं. मग मी दप्तर आत टाकलं, चढलो, चित्र हललं, आणि नुसतं आभाळ दिसलं.

मॅडमनी मला विचारलं, "दप्तर आधी का टाकलं?"

"त्याच्यात जर्नल होतं जी. काचानं फाटलं असतं."

त्यांनी सरांकडं पाहिलं. त्या काही लागेल असं बोलल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, "सर, चोरी करायला जाणारा आपलं जर्नल सांभाळत नाही."

मोठे सर त्या आभाळाच्या चित्राकडं बघत होते. मला त्यांची भीती वाटायची, त्या दिवशी पहिल्यांदा ते थकलेले दिसले. म्हणाले, "मी हे एवढं पाहिलं नव्हतं. बाबूंनी शेवटचं काढून दाखवलं, तेच पाहिलं." मग मला म्हणाले, "गाडी कितीला पोचते तुझी?"

दोन वर्षांत हा प्रश्न मला पहिल्यांदा विचारला गेला.

प्रकरण तिथंच बंद झालं. मॅडमनी समज दिली, मलाही, की काचा रोवलेल्या भिंतीवर चढणं म्हणजे हात कापून घेणं आहे. तुटलेली वायर मी आणि शिपाईकाकांनी मिळून जोडायची असं ठरलं. आणि त्यांनी सरांना स्पष्ट सांगितलं, हॉल तिकीट ही शिक्षा म्हणून अडवायची वस्तू नाही, आणि राहिलेलं प्रात्यक्षिक लेखी परीक्षेनंतर घेता येतं, तशी सोय आहे, तुम्हाला माहीत असेलच. सर म्हणाले, माहीत आहे.

बाहेर पायऱ्यांवर नायकानं कमरेचा रुमाल सोडला. तोच खडा. बानं जपून ठेवून त्याच्याकडं दिला होता. नायकानं तो सरांपुढं धरला. सर दोन पावलं मागं झाले.

"मला शुगर आहे हो."

"कनभर चालते जी," नायक म्हणाला. "औषधावानी घ्या."

सरांनी बाच्याकडं पाहिलं. बा हात जोडून उभा होता, पण या वेळी डोळे खाली नव्हते. सरांनी नखाएवढा तुकडा मोडला आणि तोंडात टाकला. नायक म्हणाला, "झालं." एसटीत बा मला बोलला ते फक्त एवढंच: "मिटलं. आता नाव काढाचं नाही."

दहावीला मला फार गुण नव्हते, पण विज्ञानात बरे होते. पुढं यवतमाळला कॉलेज केलं. सकाळी वर्ग, दुपारनंतर लोहाऱ्याच्या एमआयडीसीत पॅकिंगचं काम. तिथं मी रोज वेळेवर पोचायचो. सांगण्यासारखं आहे ते, कारण शाळेत मला दोन वर्षं उशिरा येणारा म्हणत होते. गाडी बदलली तशी माझी सवय बदलली. शाळेनंही नंतर एसटीवाल्यांसाठी फाटक पावणेअकरापर्यंत उघडं ठेवलं. मोठ्या सरांनीच. लाल वही कुठं गेली ते मी विचारलं नाही.

तांड्यात एक नवी रीत झाली आहे, नायकानं घालून दिलेली. बैठकीत पाहिजे तेवढं कबूल करा, पण कुणाच्याही कागदावर सही करायच्या आधी तो कागद मी वाचायचा. आता शाळेचा, बँकेचा, वनखात्याचा कुठलाही कागद आला की लोक माझ्या ओसरीवर येतात. मी मोठ्यानं वाचतो. ज्याचा आहे त्याला विचारतो, हे झालं होतं का? नसेल झालं तर तिथं सही होत नाही.

माझा मित्रही येतो. त्याच्या कोर्टाच्या तारखा अजून चालू आहेत, एका केसमधून सुटला, एक बाकी आहे. गेल्या वर्षी तो समन्स वाचून घ्यायला आला आणि जाता जाता दारात घुटमळला. म्हणाला, "तो सतरा नंबरचा फॉर्म अजून भेटते का बे?" बाहेरून दहावी देण्याचा तो फॉर्म. मी म्हणालो, भेटते. त्यानं भरला. भूमिती त्याला माझ्यापेक्षा आधीही चांगली यायची.

मागच्या महिन्यात मला झरी जामणीकडच्या एका आश्रमशाळेत अधीक्षकाची नोकरी मिळाली. त्यासाठी पोलिसांकडून चारित्र्याचा दाखला हवा होता. मनात धाकधूक होती. कायद्यानं लहानपणीचं ते मोजलं जात नाही हे मी वाचलेलं, दुसऱ्यांना समजावलेलं, तरी होती. दाखला आला. मी ओसरीवर तो मोठ्यानं वाचला, जसा सगळ्यांचा वाचतो: सदर इसमाविरुद्ध काहीही प्रतिकूल आढळून आलेलं नाही.

बा म्हणाला, "म्हंजे काय?"

"म्हंजे काही नाही माझ्यावर."

"ते तं मले तवाच माहीत होतं," बा म्हणाला. "त्या सरानं गूळ खाल्लाय."

म्हणून या सगळ्यात मी कुणाचं नाव घेतलेलं नाही. मिटलेल्या गोष्टीत नाव काढायचं नसतं. गोष्ट सांगायला मात्र आमच्यात मनाई नाही. परवा आश्रमशाळेत पहिल्या दिवशी मला फाटकाची किल्ली दिली. मी ती शर्टाच्या खिशात ठेवली आणि आधी विचारून घेतलं, सकाळची गाडी इथं खरी कितीला पोचते.